बमरोलीच्या गेटवर नेपाळचं संविधान

चिठ्ठीत जपान निघावा म्हणून मी चक्क सोमवार धरला होता. आमच्या संध्याकाळच्या लॉ कॉलेजच्या लायब्ररीत आशियातल्या राज्यघटनांवर एकच पुस्तक होतं आणि त्यात जपानवर अख्खं प्रकरण होतं. वक्तृत्व स्पर्धेचा विषय होता ‘आशियाई देशांतले संविधानबदल’. गुजरातभरातून कॉलेजं येणार, प्रत्येक कॉलेजची दोघांची जोडी, आणि प्रत्येक जोडीला चिठ्ठी टाकून एक देश. आमच्याकडून मी आणि वर्गात माझ्या शेजारी बसणारी मैत्रीण. ती गोपीपुऱ्यातली पक्की सुरती, घरचा जरीचा धंदा. मी लिंबायतची, खानदेशातून येऊन लूमवर लागलेल्या माणसाची मुलगी. आमच्या दोघींत समान गोष्ट एकच होती, ती म्हणजे हसू आवरता न येणं.

घटना शिकवणारे सर चिठ्ठी घेऊन वर्गात आले आणि गुन्हा कबूल करावा तशा चेहऱ्यानं म्हणाले, “नेपाळ.”

मैत्रिणीनं विचारलं, “सर, नेपाळमां संविधान छे?”

“छे,” सर चष्मा पुसत म्हणाले. “नवुं ज छे. पण चोपडी नथी.”

झालं! संविधान आहे, पण पुस्तक नाही, यावर आम्ही दोघी इतक्या हसलो की सरांनी आम्हाला बाहेर जाऊन पाणी पिऊन यायला सांगितलं.

सुरतेत प्लेग येऊन गेला त्याच्या पुढचं ते वर्ष. शहर रोज सकाळी झाडलं जात होतं आणि आम्ही सुरतवाले आपल्याच रस्त्यांकडे पाहुण्यासारखे बघत होतो. दिवसा मी बमरोलीच्या एका प्रोसेस मिलच्या ऑफिसात टायपिस्ट होते. तिथे ग्रे, म्हणजे लूमवरून उतरलेलं कोरं, कापड यायचं आणि रंगून, छापून साड्या बाहेर पडायच्या. मागच्या नाल्याला ज्या रंगाचं पाणी असेल त्यावरून आज कोणता रंग चालू आहे ते कळायचं. मिलच्या गेटवर एक नेपाळी वॉचमन होता. चाळिशीचा, बुटका, खाकी कपड्यांना कडक इस्त्री. मिलमधले सगळे त्याला सगळ्याच नेपाळी वॉचमनना मारतात ती एकच हाक मारायचे. मी ‘काका’ म्हणायचे.

चिठ्ठी निघाल्याच्या दुसऱ्या दिवशी सकाळी गेटवर सही करताना मी आपलं दुःख त्याला सांगितलं. उपयोग होईल म्हणून नव्हे, समोर नेपाळचा माणूस उभा होता म्हणून.

“नेपाल का संविधान?” तो म्हणाला. “मेरे पास है.”

मला वाटलं, त्याला प्रश्न कळला नसावा. पण दुपारी जेवणाच्या सुट्टीत त्यानं प्लास्टिकच्या पिशवीत गुंडाळलेली एक पातळ पुस्तिका माझ्या टेबलावर आणून ठेवली. पाच वर्षांपूर्वी त्यांच्याकडे लोक रस्त्यावर उतरले होते. तोवर तिथे पक्षांना बंदी होती आणि राज्य राजाचं होतं. मग बंदी उठली, नवं संविधान झालं. तो तेव्हा सुट्टीवर गावी गेलेला होता आणि परतताना सरहद्दीवरच्या धनगढीच्या बाजारात ही पुस्तिका विकायला होती. सगळे घेत होते म्हणून त्यानंही घेतली. तेव्हापासून ती त्याच्या पेटीत देवांच्या तसबिरींखाली पडून होती.

“तुम्ही वाचलंत?” मी विचारलं.

“मुझे पढना नहीं आता,” तो सहज म्हणाला. “संभाल के रखा है.”

मी पुस्तिका उघडली आणि ओरडलेच. देवनागरी! नेपाळी आपल्याच अक्षरांत लिहितात हे मला, कायद्याच्या दुसऱ्या वर्षाच्या विद्यार्थिनीला, माहीत नव्हतं. मी पहिली ओळ मोठ्यानं वाचली. मला काही कळलं नाही. पण त्याला सगळं कळलं. तो स्टुलावर ताठ बसला आणि म्हणाला, “आगे?”

त्या दिवसापासून रोज दुपारी डबा पंधरा मिनिटांत संपवून मी गेटच्या केबिनपाशी जायची. मी वाचायची आणि कळायचं त्याला. मग तो हिंदीत सांगायचा आणि कळायचं मला. दोघं मिळून आम्ही एक पूर्ण वाचक होतो. शब्द अडले की धमाल. ‘ऐन’ हा शब्द सारखा येत होता. मी आपली विचार करत राहायची, ऐन काय? ऐन वेळी? ऐन दिवाळीत? शेवटी विचारलं तर तो म्हणाला, “ऐन माने कानून.” मी त्या दिवशी ऑफिसात बसूनही एकटीच खुदखुदत होते. दोन वर्षं मी ऐन शिकत होते आणि मला पत्ताच नव्हता. ‘आज्ञा’ मी मराठी पद्धतीनं वाचली की त्याला हसू फुटायचं. “द्न्या नहीं, ग्या! ग्या!” भिजल्या कापडाचा ट्रक आत घ्यायला तो उठायचा तेव्हाही गेट ओढता ओढता “ग्या, ग्या” करत जायचा.

एक दिवस त्यानं सांगितलं, काका म्हणू नको. त्यांच्यात मोठ्या भावाला दाजू म्हणतात आणि धाकट्या बहिणीला बहिनी. मी दाजू म्हणायला लागले आणि तो मला बहिनी म्हणायला लागला. यात एक घोटाळा झाला. आमच्या ऑफिसात अर्धे लोक खानदेशचे. त्यांनी ऐकलं ‘वहिनी’. आठवड्याभरात हेड क्लार्कनं मला बाजूला घेऊन अत्यंत गंभीरपणे विचारलं, “तुमचं लग्न ठरलंय का? म्हणजे, नेपाळला?” मी हसत हसत खाली बसले, अगदी जमिनीवर. मला उठवायला दोघीजणी आल्या.

पण सगळ्यात मोठी गंमत कलम तीनपाशी झाली. त्यात देशाची सार्वभौम सत्ता कुणाकडे आहे ते सांगितलं होतं, आणि तिथे शब्द होता ‘जनतामा’. आधीच्या राज्यात सत्ता राजाकडून यायची. आता ती जनतामा. मी तो शब्द संध्याकाळी वर्गात मैत्रिणीला दाखवला. ती ताडकन म्हणाली, “अली, आ तो गुजराती ज छे! घरमां, दुकानमां, जनतामां.” घरी जाऊन ओट्यावर बसून मी तेच पान पुन्हा मोठ्यानं वाचत होते. वडील नुकतेच पाळीवरून आले होते. लूमच्या आवाजानं त्यांना कमी ऐकू यायचं, म्हणून आमच्या घरात अभ्याससुद्धा ओरडून व्हायचा.

“हाई काय वाची राहिनी?” त्यांनी विचारलं.

“नेपाळचं संविधान.”

“पुन्हा वाच.”

मी पुन्हा वाचलं. जनतामा. ते तोंड धुता धुता थांबले.

“घरमा, वावरमा, जनतामा,” ते म्हणाले. “हाई ते आपलीच भाषा शे!”

आणि खरंच, अहिराणीत आम्ही ‘घरात’ म्हणत नाही, ‘घरमा’च म्हणतो. वर्गात मला प्रमाण मराठीची आणि शुद्ध गुजरातीची धास्ती असायची. अहिराणी ही घरी चप्पल काढली की बोलायची भाषा. ती अशी एका देशाच्या संविधानात, सत्ता कुठे आहे ते सांगणाऱ्या ओळीत, बसलेली दिसली आणि मी ती ओळ आणखी मोठ्यानं वाचली. वडिलांनी मग शेजारच्या दोघांना हाक मारून तो शब्द ऐकवला. त्यातला एक म्हणाला, “मंग ते खानदेशनाच शेतस!” त्या दिवसापासून आमच्या गल्लीत नेपाळ हा आपला जिल्हा झाला.

आता दाजूची गोष्ट सांगायला हवी. त्यानं आयुष्यात कधी मत दिलं नव्हतं. नव्या संविधानानंतरची पहिली निवडणूक झाली तेव्हा तो सुरतेत गेटवर होता. दुसरी झाली गेल्या वर्षी, प्लेगनंतर दोनेक महिन्यांनी. प्लेगमध्ये सगळी सुरत गावोगाव पळाली, आम्हीही खानदेशात पळालो, पण रिकाम्या मिलवर पहारा करायला तो थांबला. लोक परतल्यावर त्यानं सुट्टी मागितली, तर शेठ म्हणाले, आत्ताच कुठे काम सुरू झालंय, आत्ता नको. तीही निवडणूक गेली. मग यंदाच्या पावसाळ्याआधी त्यांच्या पंतप्रधानानं, आपल्यावर अविश्वास ठराव येतोय असं दिसताच, राजाला सांगून संसदेचं सभागृहच बरखास्त करवलं आणि नव्या निवडणुकीची तारीख लागली. दाजूनं त्याच दिवशी शेठकडे जाऊन सुट्टी मंजूर करून घेतली. रेल्वेचं तिकीटही काढलं. खिशातून काढून मला दाखवलं.

“इस बार भोट डालूंगा, बहिनी. इन्हीं हाथों से.” आणि त्यानं आपला अंगठा असा न्याहाळला जणू तो आजच बसवून घेतलाय.

आमचं भाषणही त्याच बरखास्तीवर उभं केलेलं होतं. मी नव्या संविधानाची ओळख करून देणार, मैत्रीण बरखास्तीचं कलम समजावणार, आणि शेवट असा, की भांडण कुणाचंही असो, निकाल मतदार देतील. सरांनी पाठ थोपटली. आम्ही दोघींनी ते इतकं पाठ केलं की मैत्रीण जरीची रिळं मोजतानाही “महामहिम परीक्षकगण” म्हणायची.

स्पर्धा गणपतीच्या तोंडावर होती, दुपारी तीनला. मी मिलमधून अर्धी रजा घेतली होती. सकाळी गेटवर पोचले तर दाजू गेट सोडून रस्त्यात उभा. कानाला ट्रान्झिस्टर. मला बघताच पळत आला. एक ट्रकवाला हॉर्न मारतोय, गेट बंद, आणि हा हसतोय की रडतोय तेच कळेना.

“अदालतले मेरो भोट खायो!” तो ओरडला. “बहिनी, कोर्ट मेरा भोट खा गया!”

मी त्याला आधी ट्रक आत घ्यायला लावला आणि मग नीट सांगायला लावलं. त्यांच्या सर्वोच्च न्यायालयानं निकाल दिला होता. बरखास्ती चुकीची. अविश्वास ठराव समोर असताना आणि त्याच सभागृहातून दुसरं सरकार बनू शकत असताना पंतप्रधानाला असं सभागृह मोडता येत नाही. राजाची सही असली तरी नाही. सभागृह पुन्हा जिवंत, म्हणून निवडणूक रद्द.

“तीन बार सुना,” तो म्हणाला. “शाम को, रात को, सुबह को.”

माझं भाषण मेलं होतं. पाच मिनिटं मी केबिनच्या पायरीवर डोकं धरून बसले. मग माझ्या लक्षात आलं की हे किती भयंकर मोठं आहे. राजानं सही केली आणि कोर्टानं सांगितलं, नाही. जे आम्ही पुस्तकात शिकत होतो ते काल घडलं होतं, इथे ट्रान्झिस्टरवर, माझ्या शेजारी. मी उठून दाजूचे दोन्ही हात धरले आणि आम्ही दोघं गेटवर उड्या मारायला लागलो. हेड क्लार्क स्कूटरवरून आले, आमच्याकडे बघितलं, आणि सरळ आत निघून गेले.

“पण तुमचं मत?” मला मध्येच आठवलं.

“गया!” तो उडी मारतच म्हणाला. “टिकट है, छुट्टी है, भोट नहीं है!”

सकाळचे पेपर मी पालथे घातले. गणपतीच्या मंडपांच्या बातम्यांत नेपाळला जागाच नव्हती. पीसीओवरून मैत्रिणीला फोन लावला. ती किंचाळली आणि मग म्हणाली, “तू बोल. हुं पाछळ ऊभी रहीश.” मग सरांना लावला. ते म्हणाले, पुरावा नसेल तर जुनंच भाषण करा. मी हो म्हटलं आणि फोन ठेवला.

स्पर्धा नानपुऱ्यातल्या एका हॉलमध्ये होती. तीन परीक्षक, त्यांतले मुख्य एक निवृत्त न्यायाधीश, पांढऱ्या भुवयांचे. आमच्या आधी वडोदऱ्याची जोडी कंबोडियावर बोलली, परत आलेल्या राजावर, फारच छान. मग बांगलादेश. मग आम्ही. मी पाठ केलेलं भाषण हिंदीत सुरू केलं, नव्या संविधानापर्यंत आले आणि थांबले.

“यापुढचं आमचं भाषण काल खोटं ठरलं,” मी म्हणाले. आणि सगळं सांगून टाकलं. माझा आवाज वर वर चढत गेला. मैत्रीण मागे उभी राहून प्रत्येक वाक्याला इतक्या जोरात मान हलवत होती की तिची वेणी मला लागत होती.

मुख्य परीक्षकांनी हात वर केला. “ही बातमी मी वाचलेली नाही. आधार काय?”

“रेडिओ, सर.”

“तुम्ही स्वतः ऐकलात?”

“नाही सर. आमच्या मिलच्या वॉचमननं.”

सगळा हॉल हसला. तेवढ्यात शेवटच्या रांगेत खुर्ची सरकली. मी दाजूला ये म्हटलं होतं, पण पाळी संपवून तो एवढ्या लांब येईल असं मला वाटलं नव्हतं. तो खाकी कपड्यांत, ट्रान्झिस्टर छातीशी धरून उभा होता.

“साहब, मैंने सुना है,” तो म्हणाला. “तीन बार.”

सगळे वळले. परीक्षकांनी भुवया उचलल्या. मला वाटलं, आता बाहेर काढतात. पण ते म्हणाले, “काय सांगितलं कोर्टानं?”

आणि दाजूनं सांगितलं. न अडखळता, गेटवर मला सांगितलं तसंच. सभागृह लोकांनी निवडलेलं आहे, पंतप्रधानाला खुर्ची वाचवायला ते मोडता येत नाही. सल्ला चुकीचा तर सहीही चुकीची. मध्येच त्यानं कलमाचा आकडाही सांगितला.

“तुम्ही संविधान वाचलंय?” परीक्षकांनी विचारलं. आता त्यांचा आवाज कोर्टातला राहिला नव्हता.

“नहीं साहब. मुझे पढना नहीं आता. इसने पढा, मैंने समझा.”

कुणीतरी टाळी वाजवली, आणि मग सगळ्या हॉलनं. मैत्रीण मला मागून मिठी मारून गदागदा हलवत होती. घंटा वाजून गेली होती, वेळ कधीच संपली होती.

आम्हाला दुसरा नंबर मिळाला. वेळ ओलांडली म्हणून गुण कापले होते, ते बरोबरच होतं. पहिला कंबोडियाला. बक्षीस म्हणून दोघींना स्टीलचे डबे मिळाले. परीक्षक जाताना दाजूपाशी थांबले आणि त्याच्याशी हात मिळवून म्हणाले, “तुमचं मत गेलं याचं वाईट वाटलं.” कारण तेही त्यानं सांगून टाकलं होतं.

परतताना एका रिक्षात आम्ही तिघं. मैत्रिणीचं घर उलट्या दिशेला होतं, तरी ती लिंबायतपर्यंत आली. कशावर हसत होतो ते आज सांगता येणार नाही. कुणीतरी “ग्या” म्हणायचं आणि तिघंही फुटायचो. उधना दरवाजापाशी रिक्षावाल्यानं मागे वळून विचारलं, “लग्नमांथी आवो छो?”

दाजूनं तिकीट परत केलं नाही, बदलून अलीकडच्या तारखेचं घेतलं. मत नाही तर नाही, दसईला, म्हणजे त्यांच्या दसऱ्याला, घरी जाऊन येतो म्हणाला आणि गेलाही. पुढे मी वकील झाले. आजही एखादा पक्षकार कागद न वाचता आपलं प्रकरण माझ्यापेक्षा चांगलं सांगतो तेव्हा मी त्याला मध्ये तोडत नाही.

पण त्याच गणपतीतली एक संध्याकाळ राहिली. स्पर्धेची बातमी वडिलांनी लूमच्या आवाजावर ओरडून सगळ्या शेडला सांगितली होती. आमच्या गल्लीच्या मंडळानं ठरवलं की वेशभूषा झाल्यावर आणि आरतीआधी मी ते भाषण करायचं. मी हिंदीत सुरुवात केली तर पहिल्या रांगेतून वडीलच म्हणाले, “आपला भाषामा सांग!” मग मी अहिराणीत सांगितलं. आयुष्यात पहिल्यांदा माईकवर. “राजानी सही करी, पन कोर्टनी सांगं, हाई सही चालनार नही.” लोकांत अशी कुजबुज उठली जशी क्रिकेटमध्ये सिक्सर बसल्यावर उठते.

“राजाले बी कोर्ट सांगस?” कुणीतरी विचारलं.

“सांगस!” मी म्हणाले.

मग पुढे बसलेल्या एका बाईनं, जी घरी साड्यांना लेस लावायची आणि सहसा कुणाशी बोलायची नाही, पदर सावरत विचारलं, “मंग राजा रुसना नही का?”

कायद्याच्या कुठल्याच पुस्तकात याचं उत्तर नव्हतं. मी मंडपाच्या कडेला उभ्या असलेल्या दाजूकडे बघितलं. आज तो इस्त्रीचा पांढरा शर्ट घालून आला होता. मी प्रश्न हिंदीत करून सांगितला.

“रूठने का अधिकार किताब में नहीं लिखा है,” तो म्हणाला. “बहिनी ने पूरी पढी है.”

मंडप हसण्यानं हलला. मंडळाचे अध्यक्ष आरतीचं ताट घेऊन कधीपासून उभे होते, पण माईक कुणी सोडेना. अजून चार हात वर होते.